लडकूच्या बुद्धाचे हात

कोन, ता. भिवंडी
१२ जानेवारी १९८९

वाल्मीकला वैनीचा जयभीम.

तुझं नाक जागेवर हाय ना? शेजारची पुतळाबाई सांगते, लडाखात नाक गोठून तुटून पडतं आणि माणसाला कळत पण न्हाय. मी बोल्ली, आमच्या वाल्मीकचं नाक येवढं मोठं, अर्धं पडलं तरी पुरून उरंल.

आता कामाचं सांगते. विहाराचा स्लॅब पडला. पडला म्हणजे घातला, कोसळला न्हाय, घाबरू नको. रविवारी कमिटीची मीटिंग झाली. बुद्धपौर्णिमेला, वीस मे ला, उद्घाटन ठरलं. मंग आपले सावळाराम गुरुजी उभे राह्यले. सेक्रेटरी झाल्यापासून चष्मा पुसल्याबिगर एक वाक्य काढत न्हाईत. चष्मा पुसला आणि बोल्ले, "मूर्ती मुंबईहून आणायची. संगमरवरी."

मी बायकांत बसली होती. तिथूनच बोल्ली, "मूर्ती आमच्या अंगणात बसलीय दीड वर्ष. तिला आणायला रिक्षापण लागणार न्हाय."

तू तुझ्या भावाच्या पुण्यानुमोदनाला आलास तवा ती गोणपाटाखाली होती, तुला दाखवायचं कोणाला सुचलं न्हाय. आता ऐक. तीन फूट उंच बुद्ध हाय, सळयांवर जाळी, जाळीवर सिमेंट. लडकू दिवसभर दुसऱ्यांच्या भिंती बांधायचा आणि घरी आला की याच्या समोर बसायचा. तोंड येवढं गोड केलंय की मला संशय हाय, माझ्याकडं असं कधी बघितलं न्हाय त्यानं. कान, केसांच्या गाठी, मांडी, अंगावरच्या चीवराच्या चुण्या, सगळं झालं. फक्त हात न्हाईत. कोपरापासून पुढं दोन सळया बाहेर आल्यात. "हात शेवटी करीन, हात सगळ्यात अवघड," असं बोलायचा. मंग कावीळ झाली आणि त्यातच गेला.

गुरुजी बोल्ले, "द्रौपदीबाई, त्या मूर्तीला हातच नाहीत."

"हात मी देते."

सगळी पुरुष मंडळी हसली. लोक हसले की मला बरं वाटतं, पण मी हसवलं असंल तर. हे हसणं माझं नव्हतं.

म्हणून तुला लिहितेय. तू बुद्धांच्या मुलखात फौजेची गाडी चालवतोयस. मला सांग, बुद्धाचे हात खरे कसे असतात? आपल्या कॅलेंडरवर दोन्ही हात मांडीत हायत. पुतळाबाईच्या फोटोत एक हात वर हाय. बाजारात एक पाह्यला, त्याची बोटं एकमेकांत अडकलीत. चार माणसांना विचारलं, चार हात मिळाले. कंचा खरा?

तुझी वैनी,
द्रौपदी

लेह
५ फेब्रुवारी १९८९

प्रिय वैनी, जयभीम.

नाक आहे. मिशीला सकाळी बर्फ धरतो, पण बाकी ठीक.

रविवारी ड्युटी नव्हती. तुझं पत्र खिशात घालून खालच्या गोम्पात गेलो. गोम्पा म्हणजे इकडचा विहार. तिथे नोर्बू नावाचे एक लामा आहेत, पन्नाशीचे. हिंदी मोडकी, हसणं मोठं. चहात साखरेऐवजी मीठ आणि लोणी घालतात आणि तो प्यावाच लागतो. त्यांना विचारलं, बुद्धाचा खरा हात कुठला? त्यांनी मला आतल्या खोलीत नेलं आणि दिवा वर धरला.

वैनी, आत एक नाही, पाच बुद्ध. प्रत्येकाचा रंग वेगळा, दिशा वेगळी, हात वेगळे. मध्ये पांढरा, वैरोचन. त्याचे दोन्ही हात छातीशी, बोटं चाक फिरवल्यासारखी. म्हणजे धम्माचं चाक. बाजारात तू पाहिलास तो हाच असणार. पश्चिमेला लाल अमिताभ, दोन्ही हात मांडीत, आपल्या कॅलेंडरसारखा ध्यानात. उत्तरेला हिरवा अमोघसिद्धी, उजवा हात वर, तळवा समोर. म्हणजे भिऊ नका. दक्षिणेला पिवळा रत्नसंभव, हात खाली आणि तळवा बाहेर, काहीतरी देतोय असा. आणि पूर्वेला निळा अक्षोभ्य. त्याचा उजवा हात गुडघ्यावरून खाली आलेला, बोटांची टोकं जमिनीला टेकलेली.

मी म्हटलं, "इतने बुद्ध कैसे?" लामा म्हणाले, "आदमी का बीमारी पाँच. दवाई पाँच. डॉक्टर एक." राग आला की निळ्यासमोर बसायचं, गर्व झाला की पिवळ्यासमोर, हाव सुटली की लाल, दुसऱ्याचं बघवत नसेल तर हिरवा, आणि काहीच कळत नसेल तर मधला पांढरा. मी बराच वेळ मधल्यासमोर बसलो.

निळ्याची गोष्ट त्यांनी सांगितली ती तुलाही माहीत असेल. सिद्धार्थ झाडाखाली बसला तेव्हा मार आला आणि म्हणाला, ऊठ, ही जागा तुझी नाही. तुझ्या बाजूने साक्ष कोण देणार? माराच्या मागे त्याची सगळी फौज ओरडली, आम्ही साक्षीदार! सिद्धार्थाकडे कोणी नव्हतं. त्याने फक्त हात खाली नेला आणि जमिनीला बोट लावलं. ही साक्ष.

पाचही चित्रं काढून पाठवतोय. चित्रकला माझी तुला माहीत आहे.

पण वैनी, एक सांगू? दादासुद्धा हात शेवटी ठेवत होता, म्हणजे तो किती अवघड भाग असेल. गुरुजींचं म्हणणं अगदीच चूक आहे असं नाही. नीट विचार कर.

तुझा,
वाल्मीक

कोन
३ मार्च १९८९

वाल्मीक,

चित्रं पोचली. चुलीमागच्या भिंतीला चिकटवली. पुतळाबाई आली, बघितलं, बोल्ली, "हे पाच बटाटे कशाला काढलेत?" मी बोल्ली, बटाटे न्हाईत, बुद्ध हायत, आमच्या फौजीनं काढलेत, देशाचं रक्षण असंच चाललंय.

पण तुझं पत्र मी तीनदा वाचलं. कामावर पण तेच डोक्यात. कारखान्यात मशीनवर दोऱ्याची कांडी भरताना हात थांबला तर मुकादम ओरडला, "द्रौपदीबाई, हाथ चलाओ!" मी बोल्ली, "कौन सा हाथ? पाँच हैं." त्याला वाटलं, बाईला गर्मी चढली.

पाच रोगांची पण वाटणी करून टाकली. पिवळा गुरुजींना. हिरवा पुतळाबाईला, माझी कोंबडी अंडं देते ते तिला बघवत न्हाय. लाल तुझ्या मामाला, जेवणाच्या पंगतीत बघ त्याला. पांढरा तुला, तू स्वतःच घेतलास. निळा माझा. राग लय हाय माझ्यात, मी तो हसण्याच्या खाली ठेवते, तुला माहीत हाय.

मंग गुरुजींना जाऊन सांगितलं. ओटीवर बसून पेपर वाचत होते. ऐकलं आणि चष्मा काढला.

"पाच बुद्ध? तेहतीस कोटी सोडून आलो ते पाच घ्यायला? बाबासाहेबांनी आपल्याला एक बुद्ध दिला, बाई. माणूस बुद्ध. हे लामांचं मंत्रतंत्र आपल्यात आणू नका."

"गुरुजी, बुद्ध एकच. हात पाच. माझ्याकडं बघा. याच हातानं भाकरी थापते, याच हातानं दोरा धरते, याच हातानं तुम्हाला जयभीम करते. मी काय तीन बाया हाय?"

"तुम्हाला कुठला हात पाहिजे मग?"

"जमिनीचा."

त्यांनी पेपरची घडी घातली. जमिनीचा का, ते त्यांना पण ठावं हाय. विहाराच्या जागेपायी किती वर्षं गेली! कचेरीत कधी बोल्ले कागद दाखवा, कधी बोल्ले साक्षीदार आणा. आपली म्हातारी माणसं त्याच जमिनीत राबून मेली, पण साक्षीला कोण उभं न्हाय राह्यलं. मंग आपला बुद्ध काय हात मांडीत घेऊन बसणार? न्हाय. तो जमिनीला हात लावून बसणार. कोणी इचारलं तर बोलंल, हिला इचारा.

आणि ऐक, हात झाले पण! तुझ्या भावाचं सामान हाय सगळं. सळया पाईपात घालून वाकवल्या, जाळी गुंडाळली, सिमेंट थापलं. पंजे साच्यातून काढले. गणपती करणाऱ्याकडून प्लास्टर आणलं, साचा घेतला, त्यात सिमेंट ओतलं. गणपतीवाला बोल्ला, "बुद्धासाठी आमचं प्लास्टर चालतं का?" मी बोल्ली, प्लास्टरला जात नसते.

पंजा कोणाचा ते इचारू नको. मिळाला एक.

स्टुडिओवाल्याला अंगणात आणून फोटो काढला. पाठवतेय. बघ आणि बोल, सळया दिसतात का कुठं?

तुझी वैनी

लेह
२४ मार्च १९८९

प्रिय वैनी,

फोटो मिळाला. सळया कुठेही दिसत नाहीत. दादाने केलेला चेहरा मी पहिल्यांदा पाहिला. फोटो हातात घेऊन मी गाडीतच बसून राहिलो.

पण वैनी, तू घोटाळा केलास.

जमिनीला लावलेला हात डावा आहे. उजवा मांडीत आहे. सगळं उलटं झालंय. मी चित्राखाली लिहिलंही होतं, उजवा. गोम्पात जाऊन परत खात्री केली. इथे भिंतीवर हजारो बुद्ध आहेत, लहान-मोठे, आणि जमिनीला हात लावलेला एकूण एक बुद्ध उजव्या हाताचा. डाव्या हाताचा मी एकही पाहिला नाही. लामांना फोटो दाखवायचं धाडस झालं नाही.

आणि पंजा कोणाचा ते विचारू नको म्हणालीस. विचारत नाही. ती करंगळी मी ओळखतो. मशीनच्या पट्ट्यात सापडून वाकडी झालेली. मी नववीत होतो, दवाखान्यात तुझ्याबरोबर मीच आलो होतो. वैनी, बुद्धाच्या हाताला तुझी करंगळी?

ऐक माझं. अजून दोन महिने आहेत. कोपरापासून फोडून पुन्हा कर. किंवा राहू दे. संगमरवरी मूर्तीही बुद्धाचीच असेल. दादाची मूर्ती अंगणात राहील, आपल्या घराची म्हणून. त्यात कमीपणा काय?

तुझा,
वाल्मीक

कोन
१० एप्रिल १९८९

वाल्मीकभावजी यांस,

सप्रेम जयभीम. आपण फौजेत मोठे झालात, म्हणून आजपासून तुम्हाला तुम्ही बोलायचं ठरवलंय.

काल मीटिंग होती. मी बोल्ली, मूर्ती तयार हाय, येऊन बघा. गुरुजींनी चष्मा पुसला आणि वहीतून एक कागद काढला. मोठ्यानं वाचला. "दिवंगत लडकू यांचा सख्खा भाऊ या नात्याने मी लिहून देतो की, विहारात संगमरवरी मूर्ती बसवण्यास माझी कोणतीही हरकत नाही." खाली तुमची सही. तारीख वीस जानेवारी.

वीस जानेवारी, भावजी. पाच फेब्रुवारीला तुम्ही मला पाच बुद्ध काढून पाठवले. दिवा वर धरला, लोण्याचा चहा प्यायला, निळा सांगितला, पिवळा सांगितला, आणि ते लिहिताना हा कागद गुरुजींच्या वहीत बसलेला होता. मधल्या पांढऱ्यासमोर तुम्ही उगाच न्हाय बसलात.

सही तुमची. नवरा माझा. सिमेंट त्याचं, हात माझे. यात तुमचं काय होतं, हरकत असायला नसायला? मला कोणी इचारलं न्हाय. मी तिथंच बसली होती, दोन्ही हात घेऊन, आणि हरकत लडाखात जाऊन इचारून आले!

आता डाव्या हाताचं. होय, चुकलं. कसं चुकलं ते पण सांगते, लाज न्हाय मला. मी त्याच्या समोर बसली. तुमचा भाऊ तसाच बसायचा. तुम्ही उजवा लिहिलंत, म्हणून माझ्या उजव्या अंगाची सळी खाली वाकवली. आरशासमोर कुंकू लावावं तसं. त्या सळीला माझा डावा पंजाच नीट बसत होता, त्याचा साचा घेतला आणि तिकडंच बसवला. समोरासमोर बसलं की माझी उजवी बाजू ती त्याची डावी, हे मला प्लास्टर वाळल्यावर पण कळलं न्हाय. पंजा माझाच. दुसऱ्या कोणाचा आणू? चारजणींना इचारलं, बुद्धाला हात देतेस का? सगळ्या लाजल्या.

तुमचं पत्र आलं तवा मी हातोडा घेतला होता, भावजी. खरं सांगते. फोडायला बसली. आणि मंग माझाच डावा हात बघितला. या हातानं काय केलं न्हाय? कांडीवर दोरा हाच हात लावतो, उजवा नुसता चाक फिरवतो. तुमचं ढुंगण याच हातानं धुतलंय, तुमची आई गेली तवा तुम्ही तीन वर्षांचे होता. लडकू शेवटी पाणी मागायचा तवा उजव्या हातानं डोकं उचलायचं आणि डाव्यानं पेला धरायचा. त्या हाताला मी घाण बोलू? आणि हातोडा परत ठेवला.

गुरुजींना सांगितलंय. ज्याला फोडायचा असंल त्यानं यावं. हातोडा मी देते. फक्त डाव्या हातात धरून फोडायचा.

अजून कोणी आलं न्हाय.

आपली,
द्रौपदी लडकू

लेह
२ मे १९८९

वैनी,

तुम्ही म्हणू नकोस. बाकी काय म्हणायचं ते म्हण.

तू लिहिलंस ते सगळं खरं आहे. गुरुजींचं पत्र तुझ्या पत्राच्या दोन दिवस आधी आलं होतं. त्यांनी लिहिलं होतं, "वाल्मीक, आपल्याला आजवर मोडकं, उरलेलं, कुणीतरी नको म्हणून टाकलेलंच मिळालं. एकदा तरी अखंड, पांढरंशुभ्र, नवीन असं काही आपल्या नावाने बसू दे. सळया बाहेर आलेला बुद्ध चार गावांचे लोक पाहतील आणि हसतील." वैनी, ते वाचून मला रडू आलं आणि मी सही केली. त्यानंतर तुझं पत्र उघडलं. मग लाज वाटली आणि लिहायचं राहून गेलं. पाच बुद्ध पाठवले ते ती लाज झाकायला.

गेल्या रविवारी फोटो घेऊन लामांकडे गेलो. सगळं सांगितलं. सहीसुद्धा. त्यांनी फोटो उजेडाला धरला आणि बराच वेळ पाहिला. मग इतके हसले की चहा सांडला. म्हणाले, "गलत है."

मी म्हटलं, "मालूम है."

त्यांनी पूजेतली घंटा डाव्या हातात घेतली, वज्र उजव्या हातात. म्हणाले, आमच्याकडे उजवा हात म्हणजे करुणा, काम, उपाय. डावा हात म्हणजे प्रज्ञा. आणि प्रज्ञेला आम्ही बाई मानतो. दोन्ही एकत्र आले तरच काही होतं. मग पुन्हा फोटो पाहिला. "किताब में ऐसा नहीं है. कोई लामा ऐसा नहीं बनाएगा. तेरी भाभी का हाथ गलत है. लेकिन ज़मीन को तो लगा है ना?"

मी म्हटलं, लगा है.

"फिर ज़मीन से पूछो."

मी हे तुझी बाजू घ्यायची म्हणून लिहीत नाही. ते चूकच म्हणाले, दोनदा म्हणाले. पण फोटो परत मागितला तर दिला नाही. स्वतःच्या पोथीत ठेवला.

सोबत कागद आहे. "वीस जानेवारीचा माझा कागद मी मागे घेतो. मूर्तीबद्दल बोलण्याचा अधिकार माझ्या वहिनीचा आहे, माझा नाही." खाली सही आणि माझ्या साहेबांचा शिक्का. तो गुरुजींना दे. रजा मिळाली नाही. पौर्णिमेला मी नसेन.

तुझाच,
वाल्मीक

कोन
२५ मे १९८९

वाल्मीक,

तुझा कागद आला सोमवारी. बुद्ध बसला त्याच्या आधीच्या शुक्रवारी. फौजेचं टपाल असं असंल तर लढाई कशी जिंकता रे तुम्ही?

शुक्रवारी सकाळी सगळे पुरुष कल्याणला गेले, संगमरवरी मूर्तीचा टेम्पो येणार होता तो घेऊन यायला. गाव रिकामं. मी पुतळाबाईकडं गेली. बोल्ली, "चल."

"कुठं?"

"लडकूला विहारात न्यायचंय."

तिनं पदर खोचला. त्या कोंबडीच्या अंड्याबद्दल मी तिला जे काय बोल्लीय ते सगळं मागं घेते. ती, चंद्रा, कलावती, जाईबाई आणि मी. पाचजणी. तुझ्या भावाचे सेंट्रिंगचे बांबू काढले, खाली घातले, वर फळी, फळीवर बुद्ध. मागचा बांबू काढायचा, पुढं टाकायचा. अंगणातून विहारापर्यंत दोन तास लागले. कलावती घामानं भिजली, बोल्ली, "येवढा जड बुद्ध केला कशाला?" मी बोल्ली, नवरा हलका होता माझा, त्याची भरपाई केली.

ओट्यावर चढवला. खाली सिमेंटचा गिलावा घातला, लडकू घालायचा तसा, आणि बसवला. हात जमिनीला टेकला, तिथं पण चांगलं सिमेंट भरलं. आता तो हात ओट्यापासून सुटायचा न्हाय, गावाचा ओटा फोडावा लागंल.

तीन वाजता टेम्पो आला. ड्रायव्हर खाली उतरला, विहारात डोकावला आणि बोल्ला, "अम्मा, यहाँ तो बैठे हुए हैं. मैं किधर उतारूँ?"

गुरुजी आत आले. मागं सगळी कमिटी. मी ओट्याजवळ थापी घेऊन बसली होती. बोल्ली, "सिमेंट ओलं हाय. कोणी हात लावू नका."

गुरुजी बोल्ले, "बाई, हे फोडावं लागेल. उद्या चार गावचे लोक येतील. डावा हात! लोक काय म्हणतील? हा बुद्धाचा अपमान आहे."

मी उठली. वाल्मीक, मी हसली न्हाय त्या वेळी. तुझ्या पत्रातलं प्रज्ञा-बिज्ञा मला तवा ठावं नव्हतं, ते पत्र अजून डोंगरावरच होतं. माझ्याकडं जे होतं तेच बोल्ली.

"गुरुजी, डावा हात वाईट, हे कोणी शिकवलं तुम्हाला? बुद्धानं? बाबासाहेबांनी? माझ्या आजीला विहिरीवर ओंजळ पुढं करावी लागायची आणि वरून पाणी ओतायचे. ती उजवी ओंजळ हाय का डावी, हे बघितलं कोणी? त्यांच्या लेखी आपले दोन्ही हात डावेच होते. ते सगळं सोडून आपण इथं आलो. आणि आज त्यांचंच शास्त्र घेऊन तुम्ही माझ्या नवऱ्याचा बुद्ध फोडणार?"

 कमिटीतला चिंधू मागून बोल्ला, "पण चूक ती चूकच ना?"

"चूक हाय," मी बोल्ली. "माझी हाय. अंगठ्यापासून करंगळीपर्यंत माझी. मी आपली चूक झाकत न्हाय. पण ती फोडायची की ठेवायची, ते मी ठरवणार. मला इचारायचं. माझ्या दिराला न्हाय."

गुरुजींनी चष्मा काढला. पुसला. परत घातला. बुद्धाच्या तोंडाकडं बघत राह्यले. त्यांनी लडकूचं ते तोंड पहिल्यांदा बघितलं, मला दिसलं ते. येवढे महिने ते सळयांबद्दलच बोलत होते. मंग ड्रायव्हरला बोल्ले, "खारबावला चला. तिथल्या विहारात मूर्ती नाही."

गेले. टेम्पोच्या मागं कमिटी पण गेली. जाईबाई रडायला लागली, तर पुतळाबाई तिला ओरडली, "रडतेस काय, भिंत पुसून घे, सिमेंटाचे डाग पडलेत."

शनिवारी चार गावचे लोक आले. हसले का? दोघं-तिघं हसले. एक म्हातारी येऊन बुद्धाच्या हाताला हात लावून बोल्ली, "हा माझ्यासारखाच कामकरी दिसतो." मी तिला लाडू जास्त दिला.

आणि गुरुजी आले. मला वाटलं न्हाय येणार. पांढरे कपडे घालून सगळ्यात मागं भिंतीला बसले. त्रिसरण, पंचशील झालं. सगळे उठायला लागले. गुरुजींचे गुडघे तुला माहीत हायत. उजव्या हातात वंदनेचं पुस्तक, दुसरा हात खाली फरशीवर टेकवला, जोर लावला आणि उठायला लागले.

मला राहवलं न्हाय. सगळ्या लोकांत ओरडली, "गुरुजी, कंचा हात?"

सगळा विहार हसला. या वेळी मी हसवलं होतं. गुरुजींनी खाली बघितलं, फरशीवर टेकलेल्या हाताकडं. मंग वर, ओट्याकडं. वाटलं, आता हात झटकून घेतील.

"उठू तर द्या आधी, बाई," असं बोल्ले.

पण उठले न्हाईत. हात तसाच जमिनीवर ठेवून बसून राह्यले थोडा वेळ.

तुझी,
वैनी